अर्धं घर केशरी, अर्धं तपकिरी

प्रश्न: सप्रेम नमस्कार. आमचं घर उघड्या विटांचं आहे, बाहेरून गिलावा नाही. सासऱ्यांनी बांधलं त्याला चाळीस वर्षं होऊन गेली. गेल्या वर्षी एका बाजूला एक खोली वाढवली. 'तशाच विटा आणतो' असं कंत्राटदार म्हणाला होता, पण आल्या त्या केशरी. जुन्या विटा गडद, तपकिरीकडे झुकणाऱ्या लाल आहेत. समोरून पाहिलं की दोन वेगळी घरं एकमेकांना चिकटवल्यासारखी दिसतात. सासरे काही बोलत नाहीत, पण अंगणातली खुर्ची हल्ली घराकडे पाठ करून ठेवतात. आमचे हे म्हणतात, सगळ्या घराला तैलरंग मारून टाकू. दीर म्हणतात, आधी ॲसिडने धुऊ, नव्या विटांचा रंग आपोआप उतरेल. कंत्राटदार म्हणतो, चकचकीत क्लिअर कोट, म्हणजे पारदर्शक लेप, मारला की दोन्ही सारखं दिसेल. मी विटांच्या स्टेनबद्दल, म्हणजे विटेत मुरणाऱ्या पातळ रंगाबद्दल, ऐकलं आहे. त्याने जमेल का? आणखी एक: नव्या खोलीच्या खालच्या तीन-चार थरांवर पांढरी पूड येते. मी दर आठवड्याला पाणी मारून धुते, तरी परत येते. आणि स्टेन उरलाच तर कुंपणाच्या भिंतीला लावला तर चालेल का?

उत्तर: ताई, तुमच्या पत्रातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट तुम्ही 'आणखी एक' म्हणून शेवटाकडे ढकलली आहे. रंगाचं उत्तर तसं सोपं आहे. हो, स्टेनने जमेल. फक्त नव्या खोलीला लावा, जुन्या भिंतीला हात लावू नका. पण ती पांढरी पूड येतेय तोवर डबा उघडायचा नाही. म्हणून आधी पुडीचं बघू.

हा लोणा. विटेत, विटा जोडणाऱ्या मसाल्यात आणि जमिनीत पाण्यात विरघळणारे क्षार असतात. भिंतीत पाणी शिरलं की ते त्यात विरघळतात. भिंत वाळायला लागली की पाणी पृष्ठभागापर्यंत येऊन उडून जातं आणि क्षार तिथेच मागे राहतात. तुम्ही पाणी मारता तेव्हा पूड दिसेनाशी होते खरी, पण बरीचशी जाते कुठे, तर विटेच्या पोटात. दोन दिवसांनी भिंत वाळली की पुन्हा हजर. ओल थांबेपर्यंत पाणी बंद. कोरड्या दिवशी कडक केसांच्या कोरड्या ब्रशने झाडा, खाली जुनी चादर अंथरा आणि पडलेली पूड भिंतीपासून लांब टाका. तारेचा ब्रश घेऊ नका. त्याचे बारीक तुकडे विटेत अडकतात, गंजतात आणि मग तांबूस ठिपके उठतात. ते काढणं लोण्यापेक्षा अवघड.

नव्या बांधकामाला पहिल्या वर्षात थोडा लोणा फुटतोच. बांधताना वापरलेलं पाणी बाहेर पडत असतं. तो साधारण सगळ्या भिंतीवर पसरलेला असतो आणि हळूहळू कमी होत जातो. तुमचा मात्र खालच्या तीन-चार थरांवरच आहे आणि हटत नाही. म्हणजे पाणी खालून किंवा बाजूने येतंय. घराच्या पायाच्या वर डीपीसीचा थर असतो, जमिनीतली ओल वर चढू नये म्हणून. तो बाहेरच्या जमिनीपासून साधारण १५ सेंटिमीटर वर राहायला हवा. खोली बांधून झाली की उरलेला राडारोडा आणि माती भिंतीलगत सारायची, वर फरशा बसवायच्या आणि हा थर गाडून टाकायचा, हे मी इतक्या ठिकाणी पाहिलंय की तुमच्याकडेही आधी तेच तपासा म्हणून सांगतो. भिंतीलगत हातभर खणून बघा. जमीन चढलेली असेल तर ती उतरवा, उतार भिंतीपासून बाहेर ठेवा. मग पन्हळ बघा. पाऊस पडत असताना छत्री घेऊन बाहेर उभं राहा आणि पाणी कुठून गळतं, कुठे आपटून भिंतीवर उडतं ते डोळ्यांनी बघा. कोरड्या दिवशी पन्हळ बघून काहीच कळत नाही. भिंतीला लागून कुंड्या असतील, रोज पाइपने पाणी घालत असाल, तर त्या सरकवा.

ओल गेली की नाही, हे ओळखायला एक साधी युक्ती. हातभर लांब-रुंद प्लॅस्टिकचा तुकडा घ्या, चारही कडा चिकटपट्टीने भिंतीवर घट्ट बसवा आणि एक दिवस तसाच ठेवा. काढताना आतल्या बाजूला दव साठलेलं दिसलं किंवा खालची वीट भोवतालच्या विटांपेक्षा गडद दिसली, तर भिंत अजून ओली आहे. उन्हाची तिरीप पडते त्या जागी लावू नका, खालच्या थरांवर सावलीत लावा.

एवढं पाल्हाळ का लावलं? कारण लोण्यावर लावलेला स्टेन विटेला चिकटत नाही, लोण्याला चिकटतो. पुढच्या वेळी पूड फुटली की रंगाचे बारीक पापुद्रे तिच्याबरोबर गळतात आणि केशरी विटेवर तपकिरी चट्टे राहतात. आत्ता निदान भिंत एका रंगाची तरी आहे.

आता घरच्यांचे सल्ले. तिघांचा हेतू चांगला आहे, पण तिन्ही सल्ले भिंतीचं नुकसान करणारे आहेत.

तैलरंग विटेवर बसतो, आत जात नाही. विटेवर एक सलग पडदा तयार होतो. भिंतीतली ओल बाहेर पडायला बघते, पडदा तिला अडवतो, मग आधी फुगे येतात आणि नंतर पोपडे. थंडीत पाणी गोठतं अशा हवेत तर अडकलेलं पाणी गोठून फुगतं आणि विटेचा दर्शनी भागच ढलप्यासारखा उडतो. शिवाय विटांमधल्या नव्या दरजांतला सिमेंट-चुना अल्कलीधर्मी असतो. त्याच्यावर तैलरंग लावला की रंगातल्या तेलाचा अक्षरशः साबण होतो आणि तो भाग चिकट, मऊ पडतो. हे सगळं एक वेळ सोडा. एकदा रंग मारला की दर काही वर्षांनी पुन्हा मारणं आलं, आणि उघड्या विटेवरून रंग परत काढणं म्हणजे विटेची साल काढण्यासारखं आहे. सासऱ्यांची जुनी भिंत चाळीस वर्षं काही न मागता उभी आहे. नव्या खोलीची चूक झाकायला तिला रंगाच्या दावणीला बांधू नका. (त्यांच्या खुर्चीबद्दल तुम्ही लिहिलंत ते वाक्य मी दोनदा वाचलं.)

ॲसिडबद्दल जरा सविस्तर सांगतो, कारण ही चूक मी स्वतः केली आहे. कामाला लागून दोन-तीन वर्षं झाली होती. एका घराच्या फिकट पिवळट विटांवर मसाल्याचे शिंतोडे उडाले होते. मी म्युरिॲटिक ॲसिड, म्हणजे हायड्रोक्लोरिक ॲसिड, पाण्यात मिसळून कोरड्या भिंतीवर मारलं आणि निवांत घरी गेलो. शिंतोडे गेले. पण चार दिवसांनी विटांवर हिरवट-पिवळे ओघळ उठले. काही विटांच्या मातीत व्हॅनेडियमचे क्षार असतात, ते असे वर येतात. मी काय केलं? आणखी ॲसिड मारलं. ते ओघळ हिरव्याचे तपकिरी-काळपट झाले आणि पक्के बसले. नंतर कळलं की ॲसिडने ते क्षार आणखी चिवट होतात. त्या घराच्या मालकीणबाई मला एक शब्दही बोलल्या नाहीत, आणि तेच जास्त लागलं.

तर ॲसिडने विटेचा रंग 'उतरत' नाही. विटेचा रंग वरून लावलेला नसतोच. मातीतलं लोह भट्टीत साधारण ९०० ते ११०० अंश सेल्सिअसला भाजलं जातं, त्याचा तो रंग. गेरूला लाल करणारं लोहाचं जे ऑक्साइड, तेच इथे. मातीत चुन्याचा अंश जास्त असला की वीट पिवळट निघते. भट्टीत हवा कमी पडली की काळसर निळी. एकाच भट्टीत आगीजवळची वीट आणि कडेची वीट वेगळी भाजते, म्हणून जुन्या भिंतीत दहा छटा दिसतात. तुमच्या केशरी विटा केशरीच राहणार. ॲसिड खाणार ते दरजांतलं सिमेंट आणि चुना. त्यातून जे क्लोराइड तयार होतं ते ओल धरून ठेवतं, म्हणजे लोण्याला आणखी खाद्य. खिडकीचे गज आणि बिजागऱ्या त्याच्या वाफेने गंजतात ते वेगळंच. दिरांना म्हणावं, हौस असेल तर पन्हळ साफ करायला शिडीवर चढा, ते काम खरंच आहे.

हायप्रेशर पंपाचं कुणी सुचवलं तर त्यालाही नाही म्हणा. भाजताना विटेच्या बाहेरच्या अंगाला एक कडक साल येते. ती पाण्याच्या माराने किंवा वाळूच्या फवाऱ्याने गेली की आतली मऊ वीट उघडी पडते आणि मग ती स्पंजसारखी पाणी पिते.

क्लिअर कोट लावला की भिंत ओली झाल्यासारखी गडद दिसते, म्हणून कंत्राटदाराला वाटतं दोन्ही जुळेल. पण गडद दोन्ही होतील, फरक जिथल्या तिथे राहील. वर चकाकी, आणि तैलरंगासारखाच पडदा. मात्र त्यांना एक प्रश्न जरूर विचारा: नव्या विटांवर तुम्ही आधीच काही मारलंय का? कित्येकदा बांधकाम संपताना 'विटा चांगल्या राहाव्यात' म्हणून पाणीरोधक फवारून जातात आणि सांगत नाहीत. विश्वास ठेवा, पण तपासूनही बघा. वाटीत पाणी घ्या, बोटांनी विटेवर शिंपडा आणि दोन-तीन मिनिटं थांबा. पाणी विटेत जिरून काळा डाग पडला तर वीट उघडी आहे, स्टेन घेईल. पाण्याचे मणी होऊन ओघळले तर विटेची तोंडं बंद आहेत, स्टेनही असाच ओघळेल. एकाच विटेवर करू नका, वरच्या-मधल्या-खालच्या मिळून दहा-बारा विटांवर करा. मणी झाले तर मला पुन्हा लिहा, तो रस्ता वेगळा आहे आणि लांबचा आहे.

पाणी जिरलं असं धरून पुढे जातो.

स्टेन पाण्यासारखा पातळ असतो. त्यातले रंगकण विटेच्या छिद्रांत शिरतात आणि तिथे धरून राहतात. वरती जाड पडदा होत नाही, त्यामुळे भिंतीचा श्वास चालू राहतो आणि विटेचा खरखरीतपणा, बारीक भेगा, बोटांचे ठसे दिसत राहतात. रंगकण लोहाच्या ऑक्साइडचे असलेले बघून घ्या. लाल, पिवळा, तपकिरी, काळा, सगळे त्यात मिळतात आणि ते उन्हाने उडत नाहीत. रंगकण धरून ठेवणारा पदार्थ दोन तऱ्हेचा असतो. एक ॲक्रिलिक, दुसरा पोटॅशियम सिलिकेट. माझं मत विचाराल तर बाहेरच्या भिंतीला सिलिकेटचा. तो विटेशी रासायनिक रीतीने जोडला जातो, दगडाशी दगड जुळावा तसा. ही कल्पना नवी नाही. आडॉल्फ विल्हेल्म काइम यांनी जर्मनीत १८७८ साली सिलिकेट रंगांचं पेटंट घेतलं, आणि त्याच जातीचे रंग आजही भिंतींवर लागतात. विटा रंगवून सारख्या करायची खोड तर त्याहूनही जुनी. अठराव्या शतकातल्या लंडनमध्ये ओबडधोबड विटांवर लाल रंगाचं पाणी फिरवायचे, त्याच रंगाच्या मसाल्याने दरजा बुजवायचे आणि वर चुन्याची बारीक पांढरी रेघ ओढायचे, की बघणाऱ्याला वाटावं विटा अगदी काटकोनात घासूनच बसवल्यात. तेव्हा यात फसवणूक आहे असं मनात आलं असेल तर काढून टाका.

स्टेनच्या दोन मर्यादा ध्यानात ठेवा. एक, तो गडद करू शकतो, फिकट नाही. तुमचं नशीब चांगलं की नवी वीट फिकट आणि जुनी गडद आहे. उलट असतं तर मी स्टेन सुचवलाच नसता. दोन, तो परत निघत नाही. तैलरंग निदान खरवडता येतो, हा विटेच्या आत गेलेला असतो. म्हणून घाई नको. नव्या दरजा किमान २८ दिवसांच्या हव्यात. तुमच्या वर्षभराच्या आहेत, ती अट पुरी झाली.

आता दरजांचं. हे कुणी सांगत नाही आणि सगळे इथेच फसतात. दरज १० मिलिमीटरची असली तर भिंतीच्या दर्शनी भागाचा साधारण सहावा-सातवा हिस्सा नुसत्या दरजांचा असतो. तुम्ही विटा हुबेहूब जुळवल्या आणि दरजा एका बाजूला मळकट पिवळसर, दुसऱ्या बाजूला ताज्या सिमेंटच्या करड्या राहिल्या, तर डोळा म्हणणारच की भिंती वेगळ्या आहेत. तुमच्या पत्रात दरजांचा रंग लिहिलेला नाही. आज संध्याकाळी जुन्या-नव्याच्या सीमेवर उभं राहून फक्त दरजांकडे बघा, विटांकडे नाही. कधी कधी अर्धा फरक तिथेच सापडतो. दरजांसाठी वेगळा, पातळ केलेला स्टेन बारीक कुंचल्याने फिरवता येतो. मात्र जुन्या भिंतीच्या दरजा 'नव्यासारख्या' करायला त्यात सिमेंट भरू नका. मसाला चुन्याचा असेल आणि विटा मऊ असतील तर कडक सिमेंटमुळे ओल दरजांऐवजी विटांतून बाहेर पडायला लागते आणि विटाच झिजतात.

रंग जुळवताना दुकानातल्या रंगपट्टीवर बोट ठेवून एक छटा निवडायची, ही चूक नव्वद टक्के लोक करतात. (नव्वद हा माझा राग आहे, आकडेवारी नव्हे.) जुनी भिंत एका रंगाची नसते. एका सकाळी तुमच्या जुन्या भिंतीवर खडूने एक चौकट आखा, तिच्यात शंभर विटा येतील अशी. मग मोजा. किती गडद, किती मध्यम, किती फिकट, किती अगदीच काळ्या. मी एकदा असंच मोजलं तेव्हा ६१ मध्यम, २४ गडद, ११ फिकट आणि ४ जवळजवळ काळ्या निघाल्या. चार फक्त. पण त्या चार वगळून भिंत केली असती तर ती कागदावर छापल्यासारखी सपाट दिसली असती. तुमची मोजणी वेगळी येईल. सासऱ्यांना बरोबर घ्या, त्यांना एकेक वीट ओळखीची असेल.

मोजणी झाली की तीन वाट्या करा: मध्यम, त्याच्यात थोडा काळा-तपकिरी घालून गडद, आणि पाणी वाढवून फिकट. पाणी किती वाढवायचं ते डब्यावर असेल, सिलिकेटच्या स्टेनमध्ये कधी कधी पाण्याऐवजी त्याच कंपनीचं पातळ करायचं द्रव्य लागतं. मापं चमच्याने किंवा सिरिंजने घ्या आणि लिहून ठेवा. 'अंदाजे थोडासा' हे माप दुसऱ्या दिवशी कुणालाच आठवत नाही. आधी सुट्या नव्या विटांवर लावून बघा. कंत्राटदाराकडे उरल्या असतीलच, नाहीतर मागच्या बाजूला, झाडामागे कुठेतरी. ओला रंग बघून काहीही ठरवू नका, ओली वीट नेहमी गडद दिसते. पूर्ण दिवस वाळू द्या. मग ती वीट जुन्या भिंतीला टेकवून ठेवा आणि सकाळी, भर दुपारी आणि तिन्हीसांजेला दहा पावलं मागे जाऊन बघा. दुपारी जुळलेली छटा संध्याकाळी जांभळट वाटू शकते. तसं झालं तर लाल कमी करून थोडा पिवळा वाढवा. पहिल्या प्रयत्नात जुळलं असं मी फार थोड्या वेळा पाहिलंय. चार-पाच विटा वाया जातील हे गृहीतच धरा. आणि शंका आली तर फिकटाकडे झुका. दुसरा हात देता येतो, पहिला पुसता येत नाही.

लावायच्या आदल्या आठवड्यात भिंत मऊ ब्रश आणि साध्या पाण्याने धुऊन घ्या, शेवाळ असेल तर घासून काढा, आणि पुन्हा पूर्ण वाळू द्या. मग तो प्लॅस्टिकचा तुकडा एकदा परत लावा. काचा आणि ॲल्युमिनियमच्या चौकटी नीट झाका. सिलिकेट काचेवर उडून वाळला की काच कायमची खरवडल्यासारखी होते, घासून निघत नाही. तो अल्कलीधर्मी आहे, डोळ्यांना चष्मा आणि हातात मोजे हवेतच.

कुंचला विटेच्या उंचीएवढा रुंद घ्या. मोठा घेतला की दरजा माखतात, लहान घेतला की विटेवर रेघा उठतात. वाटीत बुडवा, एक बाजू कडेला निथळून घ्या आणि विटेच्या डाव्या टोकापासून मध्याच्या पुढे ओढा. मग उजव्या टोकापासून उलट ओढून मध्ये भेटवा. दोन हात, एक वीट. कुंचला टोकाशी दाबला तर खालच्या दरजेत ओघळ जातो, तो लगेच ओल्या फडक्याने टिपायचा. पाच मिनिटांनी टिपला तर डाग राहिला म्हणून समजा. वाटी दर दहा-बारा विटांनी ढवळा, रंगकण जड असतात आणि तळाशी बसतात. नाहीतर वरचा थर फिकट आणि खालचा गडद होईल, आणि तुम्हाला वाटेल हात बिघडला.

कुठली वीट गडद करायची ते ओळीने ठरवू नका. माणूस 'वाटेल तशी' लावायला लागला की नकळत बुद्धिबळाचा पट तयार करतो. मी काय करतो, आधी फिकट ठेवायच्या विटा सोडून बाकी सगळ्या मध्यम करतो, आणि गडद-काळ्या करायच्या विटांवर आदल्या दिवशीच खडूची बारीक खूण करून ठेवतो, जुन्या भिंतीचा फोटो समोर धरून. जुन्या भिंतीत काही ठिकाणी तीन गडद विटा शेजारी येतात, मग हातभर एकही नाही. तसंच करायचं. खडूची खूण रंग लावण्याआधी झाडून टाका. जिथे जुनी आणि नवी भिंत भेटते त्या पट्ट्यात सर्वांत जास्त वेळ घाला, बाकी भिंत थोडी घाईत झाली तरी कुणाच्या लक्षात येत नाही. बांधताना नव्या विटा जुन्यांत गुंफल्या असतील तर ती सीमा विरून जाईल. सरळ उभी रेघ सोडली असेल तर रंग जुळूनही ती थोडी दिसेल. त्या रेघेवरून पाण्याची पन्हळ खाली आणता आली तर आणा, झाकलीही जाते आणि उपयोगही होतो.

ऊन थेट भिंतीवर असताना लावू नका. तापलेली वीट स्टेन मुरायच्या आत वाळवून टाकते. पुढचे २४ तास तरी पाऊस नसावा. काम अर्धवट थांबवायचं झालं तर भिंतीच्या मध्यावर नाही, कोपऱ्यावर किंवा खिडकीच्या कडेला थांबवा. एका माणसाने सलग केलेलं बरं. दोघांचे हात वेगळे असतात आणि ते वाळल्यावर दिसतं.

नंतर वर पाणीरोधक लावायचाच असेल तर सिलेन-सिलॉक्सेन जातीचा, जो पडदा न करता आत मुरतो आणि वाफ बाहेर जाऊ देतो. तोही स्टेन बनवणाऱ्याने चालेल म्हटलं तर, आणि सगळ्यात शेवटी. तुमच्या भिंतीला त्याची गरज आहे असं पत्रावरून तरी वाटत नाही. पन्हळ नीट असेल तर पुष्कळ आहे.

काम कंत्राटदाराकडून करून घेणार असाल तर आधी दहा विटांचा नमुना भिंतीवर करून मागा आणि तो वाळल्यावर सासऱ्यांना दाखवा. नमुना करायला जो कुरकुरेल त्याला काम देऊ नका. फवाऱ्याच्या पंपाने करू म्हणणाऱ्यालाही नाही, कारण मग विटा आणि दरजा सगळं एकाच रंगात न्हातं.

राहिली कुंपणाची भिंत. तिच्यावर उरलेला स्टेन लावायचा मोह होणार, डबा उघडा असतो आणि हात बसलेला असतो. पण कुंपणाला दोन्ही बाजूंनी पाऊस लागतो आणि वरूनही, आणि बहुतेक ठिकाणी माथ्यावर नीट टोपीही नसते. आधी माथ्यावर दोन्ही बाजूंना थोडं बाहेर येणारं, खाली पाणी गळायला खाच असलेलं दगडाचं किंवा काँक्रीटचं झाकण बसवा आणि ती भिंत एक पावसाळा कोरडी राहते का ते बघा. तोवर उरलेला स्टेन त्याच डब्यात घट्ट झाकण लावून सावलीत ठेवा आणि मापांचा कागद डब्याला चिकटवा. नव्या खोलीच्या एखाद्या विटेचा कधी टवका उडाला तर तो लागेलच.